पाणी पिणारी नव्हे, पाणी सोडणारी गाडी

सोयाबीनचे माप झाले आणि पैसे खात्यात जमा झाले, की आमच्या बुलढाणा जिल्ह्यात घरोघरी दोन विषय निघतात. एक लग्नाचा आणि दुसरा गाडीचा. दिवाळीनंतर चिखली तालुक्यात बहिणीकडे गेलो होतो. ओसरीवर टेकलो न टेकलो, तोच भाच्याने विषय काढला.

"मामा, पाण्यावर चालनारी गाडी निंगाली आता. मंत्री बसून गेले तिच्यात. आपल्या जीपलेबी तसंच करून घेतो म्हंतो."

बहीण आतून म्हणाली, "दादा, तुमीच सांगा त्याले. हिरीतला गाळ काढाले पैसे नाही म्हंते, अन् त्या मानसाले इसार द्याले हायेत!"

चौकशी केली तेव्हा उलगडा झाला. आठवडी बाजारात एकाने जुन्या जीपला 'पाण्याचे किट' बसवून देतो म्हणून सांगितले होते. पस्तीस हजार रुपये, त्यांतले निम्मे आधी. डिझेल अर्धे लागेल ही त्याची हमी, आणि पुरावा म्हणून मंत्र्यांच्या गाडीचा फोटो.

वाचकहो, फोटो खरा आहे. केंद्रीय मंत्री नितीन गडकरी ३० मार्च २०२२ रोजी हायड्रोजनच्या गाडीत बसून संसदेत गेले होते. टोयोटा कंपनीची ती 'मिराई' गाडी त्याच महिन्यात आपल्या रस्त्यांवर चाचणीसाठी आणली होती. आपल्या पुण्यातही हे काम झाले आहे. राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळा आणि केपीआयटी कंपनी यांनी ऑक्टोबर २०२० मध्ये अशा गाडीची चाचणी घेतली आणि ऑगस्ट २०२२ मध्ये पुण्यातच हायड्रोजनवरची बस दाखवली. तेव्हा गाडी ही थाप नाही. थाप आहे ती 'पाण्यावर चालते' ही.

या गाडीच्या टाकीत पाणी भरत नाहीत, हायड्रोजन वायू भरतात. गाडीत एका पातळ पडद्याच्या एका बाजूला हायड्रोजन येतो आणि दुसऱ्या बाजूला हवेतला प्राणवायू. दोघांचा संयोग होताना वीज तयार होते आणि त्या विजेवर मोटर चालते. धूर नाही, भडका नाही. मागच्या नळीतून पडते ते फक्त पाणी. मिराईच्या टाकीत साडेपाच किलोच्या वर हायड्रोजन मावतो. त्यावर ती सुमारे साडेसहाशे किलोमीटर जाते, असे कंपनी सांगते. तेवढ्या प्रवासात जवळजवळ पन्नास लिटर पाणी बाहेर पडते. म्हणजे गाडी पाणी पीत नाही, पाणी सोडते.

मग किटवाला काय करतो? जीपच्याच बॅटरीच्या विजेने तो पाणी फोडतो आणि निघालेला वायू इंजिनात सोडतो. पण बॅटरी कोण भरते? इंजिनच. आणि इंजिन चालते डिझेलवर. विहिरीतले पाणी पंपाने उपसून परत त्याच विहिरीत सोडले, तर विहिरीचे पाणी वाढेल काय? पाणी फोडायला जेवढी शक्ती लागते, तेवढीही त्या वायूतून परत मिळत नाही. वर इंजिनाशी केलेल्या छेडछाडीमुळे उद्या विम्याचा दावा अडला, तर तो किटवाला बाजारात सापडणार आहे का?

भाचा थोडा ओशाळला, पण हटला नाही. "बरं, किट नको. पन खरी गाडी तं घेता येईल ना? दोन-चार वर्सं थांबतो."

हा प्रश्न मात्र विचार करण्यासारखा होता. मिराई आपल्याकडे अजून सर्वसामान्य गिऱ्हाइकाला विकायला आलेली नाही. उद्या आली, तरी गाडी घेण्याआधी तिचा चारा कुठे मिळतो ते पाहावे लागते. पेट्रोल चिखलीत मिळते, मेहकरला मिळते, पाहुण्यांच्या गावीही मिळते. हायड्रोजनचा पंप आपल्या जिल्ह्यात एकही नाही. समृद्धी महामार्ग मेहकर आणि सिंदखेड राजावरून गेला म्हणून तो आपोआप येणार नाही. घरच्या गॅस सिलिंडरमध्ये हवेच्या पाच-सात पट दाब असतो. या गाडीच्या टाकीत सातशे पट असतो. तेवढ्या दाबाने वायू भरणारा पंप बसवायला मोठा पैसा लागतो. पंप नाही म्हणून गाड्या नाहीत, आणि गाड्या नाहीत म्हणून पंप नाही, असा हा पेच आहे.

परदेशात ज्यांनी या गाड्या घेतल्या, त्यांनाही हाच पेच भोवला. अमेरिकेच्या कॅलिफोर्निया राज्यात २०१५ पासून मिराई विकली जाते. कंपनीने सुरुवातीला ठरावीक रकमेचा वायू फुकट दिला, लोक खूश झाले. पुढे पंप बंद पडू लागले. फेब्रुवारी २०२४ मध्ये शेल कंपनीने तिथले छोट्या गाड्यांसाठीचे आपले सगळे हायड्रोजन पंप कायमचे बंद केले. जे पंप उरले, त्यांतल्या काहींवर भाव किलोला ३६ डॉलरपर्यंत, म्हणजे सुमारे तीन हजार रुपयांवर गेला. एका किलोत गाडी सुमारे ११५ किलोमीटर जाते. म्हणजे किलोमीटरला सव्वीस रुपये! गाडीत काही खोट नव्हती, पण जुनी गाडी विकायला काढली तर भाव मिळेना. इंधनाची खात्री नसलेली गाडी कोण घेईल?

विजेचा हिशेबही पाहून घ्या. पाण्यापासून एक किलो हायड्रोजन काढायला सुमारे पंचावन्न युनिट वीज लागते. तेवढ्यात आपला पाच अश्वशक्तीचा पंप बारा-तेरा तास चालतो. तीच वीज सरळ बॅटरीच्या गाडीला दिली, तर ती तीनशे किलोमीटरच्या वर जाते. हायड्रोजन करून दिली, तर ११५. घरच्या छोट्या गाडीसाठी हा वळसा परवडत नाही.

"मंग सरकार एवढा पैसा काहून लावते?" भाच्याने विचारले.

कारण हायड्रोजनचे मोठे गिऱ्हाईक मोटार नाही, आपले शेत आहे. थळच्या कारखान्यात नैसर्गिक वायूपासून हायड्रोजन काढतात. त्यापासून अमोनिया होतो आणि अमोनियापासून युरिया. ४५ किलोच्या एका थैलीतल्या नत्रासाठी जवळजवळ साडेचार किलो हायड्रोजन लागतो. म्हणजे मंत्र्यांच्या गाडीच्या टाकीत जेवढा वायू मावतो, त्यात युरियाची सव्वा थैली होते. आपण कपाशीला, मक्याला थैल्या टाकतो, तो हायड्रोजनचाच खर्च असतो. त्यासाठी लागणारा बराचसा नैसर्गिक वायू परदेशातून येतो. तिकडे भाव चढला की सरकारचे अनुदान फुगते.

म्हणून ४ जानेवारी २०२३ रोजी केंद्राने १९,७४४ कोटी रुपयांचे हरित हायड्रोजन अभियान मंजूर केले. सूर्याच्या आणि वाऱ्याच्या विजेने पाणी फोडून २०३० पर्यंत वर्षाला पन्नास लाख टन हायड्रोजन काढायचे, असे त्याचे उद्दिष्ट आहे. तो आधी खतकारखान्यांत आणि तेलशुद्धीकरणात लागेल. लांब पल्ल्याच्या ट्रक आणि बस यांचे प्रयोग चालू आहेत, कारण त्यांना एका ठरलेल्या डेपोत वायू भरता येतो. घरच्या गाडीचा नंबर बराच मागे आहे. वर्तमानपत्रात हायड्रोजनची बातमी दिसली, तर गाडीचा फोटो पाहून थांबू नका. खताबद्दल काही लिहिले आहे का, ते वाचा.

नव्या इंधनाची कोणतीही गाडी दारात आणण्यापूर्वी घरातल्या सगळ्यांनी बसून चार गोष्टी विचाराव्यात. इंधन रोजच्या वाटेवर मिळते का? तालुक्याला ती दुरुस्त करणारा मिस्त्री आहे का? किलोमीटरला खर्च किती? आणि पाच वर्षांनी विकली तर कोण घेईल? एकाचेही उत्तर 'पुढे होईल' असे आले, तर पैसे पुढेच द्यावेत.

जेवण झाल्यावर भाच्याने किटवाल्याला फोन करून नाही म्हणून सांगितले. तो माणूस पंधरा हजारांत बसवून देतो म्हणाला! पस्तीसचे पंधरा झालेले ऐकून बहीण हसली आणि भाच्यालाही हसू आले.

जीपचे इंजिन आता मिस्त्रीकडून नीट करून घेतले आहे. गाळ काढणाऱ्यांशी बोलणे झाले आहे. उन्हाळ्यात पाणी खाली गेले की विहिरीचे काम सुरू होईल.