एकाच दगडाची दोन नशिबं

जालना एमआयडीसीत पाया खणला, की काळ्या मातीखाली काळा पाषाण, म्हणजे बेसॉल्ट, लागतो. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून लाव्हा वाहिला, त्यातून तो थरावर थर साचला. उत्तर अटलांटिकातली १८ फेरो बेटं, डेन्मार्कच्या राज्यात असूनही १९४८पासून स्वशासित, अशाच बेसॉल्टची आहेत. वयाने आपल्या दगडाहून थोडी लहान. तिथे हिमनद्यांनी तो दगड कोरून खाड्या आणि उभे कडे घडवले. कुठेही उभे राहा, समुद्र पाच-सहा किलोमीटरच्या आतच. झाडं तुरळक, पाऊस, धुकं, गवत आणि मेंढ्या मात्र मुबलक. पोट भरतं मासळीवर. इथे जालन्यात तोच दगड झिजून कापसाची माती झाली आणि त्या मातीवर बियाणे उद्योग उभा राहिला. फेरोकरांनी आपला दगड ओळखला. समुद्राखालून बोगदे काढून बेटं जोडली. २०२०मध्ये खुल्या झालेल्या बोगद्यात तर समुद्रतळाखाली वाहतूक-वर्तुळ आहे. आपणही आपला दगड ओळखायला हवा. या पाषाणात पाणी साठतं ते भेगांत आणि झिजलेल्या थरांतच. म्हणून नुसती बोअर खोल नेऊन भागणार नाही. जालन्यात लोखंडी सळ्या घडवणाऱ्या प्रत्येक कारखान्याने छतावरचं पावसाचं पाणी जमिनीत मुरवलंच पाहिजे.