शांततेच्या काळांतील आरमार

आरमार हा शब्द उच्चारतांच आपल्या डोळ्यांपुढें तोफा उभ्या राहतात. आणि आमच्या ह्या किनाऱ्यावर तर तसें होणें अगदीं स्वाभाविक आहे. माकुणसारहून समुद्राच्या कडेनें उत्तरेकडे जाऊं लागलें कीं केळवें, माहीम, शिरगांव, तारापूर असे कोटामागून कोट लागतात. १७३९ सालीं चिमाजी अप्पांच्या मोहिमेंत ते मराठ्यांनीं फिरंग्यांपासून घेतले. क्षितिजावर परकें शीड दिसलें म्हणजे दरवाजे लावावयाचे व तोफा ठासावयाच्या, हाच त्या काळचा धर्म होता.

ज्यांच्या मनावर असे संस्कार आहेत त्यांस हल्लीं वर्तमानपत्रांतून मधून मधून येणारी एक बातमी चमत्कारिक वाटते. निरनिराळ्या राष्ट्रांच्या युद्धनौका एका बंदरांत जमतात, आठ-दहा दिवस एकत्र राहतात, आणि लढाईचा सराव न करितां बुडत्यास वर काढणें, रुग्णास हलविणें, पिण्याचें पाणी पोंचविणें असल्या कामांचा सराव करून परत जातात. इंडोनेशियाचें नौदल २०१४ पासून ‘कोमोडो’ नांवाचा असा सराव भरवीत आलें आहे. २०१६ मध्यें तो पाडांग येथें, २०१८ मध्यें लोंबोक बेटावर, २०२३ मध्यें मकासर येथें व २०२५ मध्यें बालीस झाला. कोमोडो हें तेथील एका बेटाचें, आणि त्यावर राहणाऱ्या प्रचंड घोरपडीचें नांव. नांव असें नखादांतांचें. परंतु ह्या सरावांत युद्धाचा पाठच नाहीं.

आपल्या नौदलाचा ‘मिलन’ हा मेळावा त्याहून जुना आहे. १९९५ सालीं अंदमानांत तो प्रथम भरला, तेव्हां इंडोनेशिया, सिंगापूर, श्रीलंका व थायलंड हे चारच पाहुणे होते. २०२४ सालीं विशाखापट्टणास सुमारें पन्नास देशांचे प्रतिनिधि आले. त्यांत युद्धविद्येचे पाठहि असतात, हें लपविण्याचें कारण नाहीं. तथापि संकटकाळीं साहाय्य कसें करावें हा विषय त्यांत पहिल्यापासून जिव्हाळ्याचा राहिला आहे.

आतां विचारी वाचक विचारील कीं, परोपकाराला तालीम कशाला हवी? मनांत दया असली म्हणजे झालें! ह्या प्रश्नाचें उत्तर २६ डिसेंबर २००४ ह्या दिवसानें दिलें आहे. सुमात्राजवळ समुद्रतळीं भूकंप झाला, आणि उसळलेल्या लाटांनीं हिंदी महासागराच्या कांठीं सुमारें सव्वादोन लाख माणसें नेलीं. आपल्या देशांतच दहा हजारांहून अधिक लोक गेले. स्वतःच्या घरांत प्रेतें असतांहि आपल्या नौदलानें त्याच दिवशीं श्रीलंकेकडे जहाजें सोडलीं, पाठोपाठ मालदीव व इंडोनेशिया येथेंहि धाडलीं. अमेरिका, जपान व ऑस्ट्रेलिया हे देशहि मदतीस आले, आणि आपल्यासह ह्या चौघांनीं कामाची वांटणी करून घेण्यासाठीं एक मंडळ बनविलें.

दया सर्वांपाशीं होती. अडचण येते ती निराळ्याच ठिकाणीं. एका देशाचें हेलिकॉप्टर दुसऱ्या देशाच्या जहाजावर उतरवावयाचें आहे असें समजा. जहाज लाटांवर हेलकावे खात आहे. उतरण्याच्या जागेवर उभा असलेला मनुष्य हातानें जी खूण करितो, तिचा अर्थ वैमानिकास ठाऊक हवा. तें तक्तपोस एवढें ओझें सोसतें कीं नाहीं, तें आधीं माहीत हवें. तेल भरण्याच्या नळीचें तोंड जुळलें पाहिजे. बिनतारी यंत्रावर कोणत्या लहरीवर बोलावयाचें, कोणत्या भाषेंत, आणि एकाच आकाशांत दहा विमानें फिरत असतां कोणीं कोणाचें ऐकावयाचें, हें ठरलेलें असावें लागतें. तें ठरलेलें नसेल तर दोन जहाजें पाणी घेऊन एकाच बंदरीं जातात आणि शेजारचें बंदर तहानलेलें राहतें. म्हणजे आग रामेश्वरीं व बंब सोमेश्वरीं, असा प्रकार होतो. संकटाच्या दिवशीं ह्या गोष्टी शिकविण्यास कोणासच सवड नसते. त्या शिकावयाच्या त्या शांततेच्या काळींच.

ह्याचें एक चांगलें उदाहरण आपल्या ‘शार्दूल’ नौकेचें आहे. संस्कृतांत शार्दूल म्हणजे वाघ. ह्या वाघाचा जबडा मोठा उपयोगी आहे. नौकेचा पुढचा भाग दारासारखा उघडतो, आणि ती धक्क्यावांचून वाळूच्या किनाऱ्यास लागून आंतील गाड्या व सामान उतरवूं शकते. लाटेनें बंदरच मोडून टाकलें असतां अशा जहाजाचें मोल काय, हें सांगावयास नको. २०१८ च्या सप्टेंबरांत इंडोनेशियांत पालू येथें भूकंप व लाट ह्यांनीं हाहाकार झाला, तेव्हां ‘तीर’ व ‘सुजाता’ ह्यांच्यासह शार्दूल तिकडे मदत घेऊन गेली. त्या कामगिरीस ‘समुद्र मैत्री’ असें नांव होतें. आणि २०२५ च्या फेब्रुवारींत बालीच्या कोमोडो सरावांत आपल्या वतीनें हीच शार्दूल हजर होती. संकटांत भेटलेले सोबती पुनः एकत्र बसले, हा योग लहान नव्हे.

ह्यावर असा आक्षेप घेतां येईल कीं, हा सगळा देखावा आहे. मकासरला २०२३ सालीं अमेरिका, चीन व रशिया ह्या तिघांच्याहि नौका आल्या होत्या. म्हणून त्यांचें वैर संपलें काय? नाहीं संपलें. एका बंदरांत जहाजें नांगरलीं म्हणजे मनेंहि एका जागीं नांगरतात, असें मानण्याइतके आपण भाबडे नाहीं. प्रत्येक राष्ट्र येथें आपलें बळहि दाखवितें आणि दुसऱ्याचें बळहि निरखून घेतें.

परंतु परिचय नसल्यास काय होतें तेंहि पाहिलें पाहिजे. २००८ च्या मे महिन्यांत ‘नर्गिस’ वादळानें ब्रह्मदेशांत, म्हणजे म्यानमारांत, लाखाहून अधिक माणसें मारलीं. अमेरिकेच्या व फ्रान्सच्या नौका अन्न, औषधें व हेलिकॉप्टरें घेऊन किनाऱ्याबाहेर उभ्या राहिल्या. पण तेथील लष्करी सरकारनें त्यांस आंत येऊं दिलें नाहीं. अखेर त्यांस परत फिरावें लागलें. त्याच संकटांत आपल्या ‘राणा’ व ‘कृपाण’ ह्या नौका पहिल्या कांहीं दिवसांतच यांगोनला मदत घेऊन पोंचल्या होत्या. २००६ च्या ‘मिलन’ मध्यें ब्रह्मदेशाची एक युद्धनौका अंदमानास पाहुणी म्हणून येऊन गेली होती. तेवढ्यानेंच दार उघडलें असें म्हणणें धाडसाचें होईल, कारण राजकारणास अनेक पदर असतात. तरी ज्याच्या पंक्तीस आपण बसलों आहों तो अपरात्रीं दारीं आला असतां आपण कडी काढतों, आणि अनोळखी माणूस कितीहि चांगला असला तरी आंतूनच ‘कोण?’ म्हणून विचारतों, हा अनुभव घराघरांतला आहे.

हें सारें दूरच्या समुद्रांतलें, असें आमच्या भागांतील कोणास म्हणतां येणार नाहीं. १७ मे २०२१ रोजीं ‘तौक्ते’ वादळ ह्या किनाऱ्याजवळून गेलें. ‘गाल कन्स्ट्रक्टर’ नांवाचा एक मोठा तराफा नांगर सुटून भरकटत येथून जवळच वडराईपाशीं येऊन रुतला. त्यावर १३७ माणसें होतीं. तटरक्षक दल व नौदल ह्यांच्या हेलिकॉप्टरांनीं दुसऱ्या दिवशीं त्या सर्वांस सुखरूप सोडविलें. मुंबईपासून दूर समुद्रांत मात्र ‘पी-३०५’ हा दुसरा तराफा बुडाला आणि त्याबरोबर ‘वरप्रदा’ ही ओढनौकाहि गेली. दोहोंवर मिळून २७४ माणसें होतीं. उसळत्या समुद्रांत, अंधारांत, नौदलाच्या लोकांनीं १८८ जणांस वांचविलें. ८६ जण गेले. वादळाचा इशारा कांहीं दिवस आधींच मिळालेला होता. दोष कोणाचा ह्याचा निवाडा येथें करावयाचा नाहीं. परंतु सोडविणारे कितीहि तरबेज असले तरी सावध करणाऱ्याचें वेळीं न ऐकल्याची भरपाई त्यांच्या हातून पुरी होत नाहीं, एवढें त्या ८६ घरांस कळून चुकलें आहे.

आतां आपल्या घराकडे वळूं. राष्ट्रें जी तालीम करितात ती आपण करितों काय? वादळाचा इशारा आला असतां घरांतील वृद्धांस कोणीं उचलावयाचें, लेंकरें कोणीं सांभाळावयाचीं, औषधें व कागदपत्रें कोठें ठेविलीं आहेत, वीज गेल्यावर पाणी कोठून आणावयाचें, हें वीस माणसांच्या एकत्र कुटुंबांत बहुधा एकाच बाईच्या ध्यानांत असतें. आणि ती माहेरीं गेली असली म्हणजे सर्वांची धांदल उडते. पावसाळ्यापूर्वीं एक संध्याकाळ सर्वांनीं एकत्र बसून हें वांटून घ्यावें. मंगलकार्याच्या याद्या करणाऱ्या आपल्या घरांस हें कठीण नाहीं.

दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची आहे. २०१८ च्या ऑगस्टांत केरळांत महापूर आला, तेव्हां तेथील कोळ्यांनीं आपल्या होड्या मालमोटारींवर घालून आंतल्या गांवीं नेल्या आणि हजारों माणसें वांचविलीं. आमच्याकडेहि वेळ आली तर समुद्र जाणणारा, लाटेची भाषा समजणारा मनुष्य कोळीवाड्यांतूनच येईल. पण त्याची व आपली ओळख किती? पिढ्यान् पिढ्या एका पंचक्रोशींत राहून आपण एकमेकांस बाजारापुरतें ओळखतों. नांव घेऊन हांक मारण्याइतकें ओळखत नाहीं. परक्या राष्ट्रांच्या नौका हजारों मैल तोडून ओळख करून घेण्यास येतात, आणि आपल्यास चार घरांपलीकडे जाणें होत नाहीं, ही गोष्ट मनाला टोंचली पाहिजे.

आपल्या नौदलाचें ब्रीदवाक्य वरुणाचें कल्याणकारी रूप मागणारें आहे, आणि तें तैत्तिरीय उपनिषदांतील शांतिमंत्रांतून घेतलेलें आहे, हें वाचकांस ठाऊक असेलच. तो मंत्र आपल्यापैकीं अनेकांच्या घरीं नित्य म्हटला जातो. पुढच्या वेळीं म्हणतांना एवढेंच ध्यानांत घ्यावें कीं, ऋषींनीं त्यांत वरुणाच्या आधीं मित्राचें नांव घातलें आहे.