घरात काही कमी नाही, मग?

मैत्रिणींनो, "घरात काही कमी नाही, मग तुला दुःख कसलं?" या वाक्याचा मला संताप येतो.

डोंबिवली, बदलापूर, विरार, कुठेही बघा. नवरा सकाळच्या लोकलने जातो, रात्री उशिरा येतो. मुलं शाळा-क्लासला. दिवसभर घरात ती एकटी. ओटा लख्ख, दाराला तोरण, म्हणजे बाई सुखी, असं आपणच ठरवून टाकतो. सोसायटीच्या ग्रुपवर टँकर कधी येणार ते कळतं. शेजारीण रात्र रात्र जागी असते, ते कळत नाही.

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या आकडेवारीनुसार २०२१ मध्ये देशात ४५,०२६ स्त्रियांनी आत्महत्या केली. त्यांतल्या २३,१७८ गृहिणी होत्या. निम्म्याहून जास्त! प्रत्येकीचं कारण वेगळं असेल. पण ते विचारलं किती जणींना?

कोणी म्हणेल, आपल्या आज्यांनी नाही का सोसलं? सोसलं. पण चाळीच्या गॅलरीत धुणं वाळत घालताना त्यांना बोलायला कोणीतरी होतं. आपल्याला सेफ्टी डोअर आहे.

तेव्हा मनातली घालमेल सांगणाऱ्या बाईला कृतघ्न म्हणणं आधी बंद करा. वाटीभर लोणच्याच्या निमित्ताने का होईना, शेजारची बेल वाजवा. "जेवलीस का?" विचारता, तसं "झोप लागते का गं?" हेही विचारा. आणि सरकारच्या टेलि-मानसचा १४४१६ हा नंबर गॅस सिलिंडरच्या नंबरशेजारी लिहून ठेवा. फोन फुकट आहे, चोवीस तास चालू असतो आणि मराठीत बोलता येतं.