चंद्राच्या वाटेवरचे कुर्डुवाडी

१६ जानेवारी २०२५ च्या सकाळी, पृथ्वीपासून सुमारे पावणेपाचशे किलोमीटर उंचीवर, 'इस्रो'चे प्रत्येकी २२० किलोंचे दोन उपग्रह एकमेकांना जोडले गेले. रशिया, अमेरिका आणि चीन यांच्या पंगतीत भारताला चौथे पान मिळाले. चांद्रयान-३ उतरले तेव्हा गावोगाव पेढे वाटले गेले. उपग्रह जोडणाऱ्या या 'स्पेडेक्स' मोहिमेच्या वाट्याला त्याच्या दहाव्या हिश्श्याइतकेही कौतुक आले नाही. ते थोडे भरून काढायला हवे. कारण चंद्रावर यंत्र उतरवणे एका यानाला जमते. माणूस नेऊन परत आणायचा तर दोन यानांची गाठ पडावी लागते, असाच आजवरचा अनुभव आहे.

ही गोष्ट अमेरिकेतही सहज पटली नव्हती. सगळे यानच चंद्रावर उतरवावे आणि तिथून थेट घरी यावे, असा साठ वर्षांपूर्वी अनेकांचा आग्रह होता. त्यासाठी अवाढव्य रॉकेट लागले असते. जॉन हूबोल्ट या अभियंत्याचे म्हणणे वेगळे होते: परतीचे यान चंद्राभोवती फिरत ठेवा, एक हलकी होडी तेवढी खाली पाठवा. वरिष्ठांनी दाद दिली नाही तेव्हा नोव्हेंबर १९६१ मध्ये सगळी उतरंड ओलांडून त्याने थेट 'नासा'च्या वरच्या अधिकाऱ्याला पत्र लिहिले. जुलै १९६२ मध्ये त्याची योजना मान्य झाली. त्या वेळी जगात कोणीही, कुठल्याही कक्षेत, दोन याने जोडून दाखवलेली नव्हती. आणि चंद्रावरून निघालेली होडी वरच्या यानाला गाठू शकली नाही, तर तिच्यातल्या दोघांना घरी परतण्याचा दुसरा मार्ग नव्हता.

अडचण कसली, हे जून १९६५ मध्ये 'जेमिनी ४'च्या जेम्स मॅकडिव्हिटला कळले. समोर आपल्याच रॉकेटचा रिकामा टप्पा तरंगत होता. त्याने नाक तिकडे वळवून इंजिन चालवले, तर अंतर वाढतच गेले. कक्षेत वेग वाढवला की यान वर चढते, वरची कक्षा लांबची, म्हणून ते मागे पडते. पुढच्याला गाठायचे तर आधी खाली उतरावे लागते. रस्त्यावरचा अनुभव तिथे घात करतो. पुढे मार्च १९६६ मध्ये नील आर्मस्ट्राँग आणि डेव्हिड स्कॉट यांनी 'जेमिनी ८' हे यान 'अजेना' या लक्ष्ययानाला जोडले, इतिहासातली ती पहिली जोडणी. पण एक छोटे इंजिन अडकून चालूच राहिले आणि सुटे झालेले यान सेकंदाला जवळजवळ एक गिरकी घेऊ लागले. आर्मस्ट्राँगने ते सावरले, मोहीम मात्र तिथेच संपली. 'अपोलो १४'ला तर १९७१ मध्ये चंद्राच्या वाटेवर सहाव्या प्रयत्नात जोडणी साधली.

हे सगळे वेगाचे आणि नेमकेपणाचे झाले. आम्हाला महत्त्वाचा वाटतो तो दुसरा प्रश्न, आणि तो मराठवाड्याला समजावून सांगावा लागत नाही. तो गेजचा, म्हणजे रुळांच्या मापाचा, आहे.

लातूरला १९११ मध्ये बार्शी लाइट रेल्वे आली ती अडीच फुटांची नॅरोगेज. नांदेडची गाडी मीटरगेज. बाहेरचे जग ब्रॉडगेजवर. त्यामुळे लातूरचा माल कुर्डुवाडीला आणि नांदेडचा मनमाडला उतरायचा, हमालांच्या पाठीवरून दुसऱ्या डब्यात चढायचा. नांदेडच्या मार्गाचे रुंदीकरण नव्वदच्या दशकात झाले. कुर्डुवाडी-लातूर ब्रॉडगेज व्हायला २००८ उजाडले. त्याचे मोल एप्रिल २०१६ मध्ये कळले. मिरजेहून पाच लाख लिटर पाणी घेऊन निघालेली दहा वाघिणींची गाडी कुठेही रिकामी न करता थेट लातूरला पोचली. रूळ एका मापाचे नसते तर ते पाणी वाटेतच अडले असते.

अंतराळातही असे कुर्डुवाडी होऊन गेले आहे. अपोलोची जोडणी म्हणजे एका यानाला दांडा, दुसऱ्याला खोलगट शंकू. दोन दांडेवाली किंवा दोन शंकूवाली याने समोरासमोर आली तर ती एकमेकांच्या काही उपयोगाची नाहीत. एप्रिल १९७० मध्ये मुख्य यानात बिघाड झाल्याने 'अपोलो १३'चे अंतराळवीर जोडलेल्या चांद्रहोडीत आश्रयाला गेले, पण हवा शुद्ध करणारे डबे मुख्य यानात चौकोनी आणि होडीत गोल! प्लॅस्टिक, पुठ्ठा आणि चिकटपट्टी लावून ते बसवावे लागले. एकाच देशाच्या, एकाच मोहिमेतल्या दोन यानांची ही तऱ्हा. १९७५ मध्ये अपोलो आणि सोयुझ जोडायचे ठरले तेव्हा अमेरिकी यानात कमी दाबाचा शुद्ध ऑक्सिजन आणि सोव्हिएत यानात आपल्यासारखी हवा. मग दोहोंच्या मध्ये एक खास खोलीच बसवली गेली. अंतराळवीर तिथे थांबत, दाब बदलू देत, मग पलीकडे जात.

त्या मोहिमेत सोव्हिएत अभियंते व्लादिमीर सिरोम्यात्निकोव्ह यांच्या रचनेतून एक शहाणपण निघाले: दोन्ही बाजू सारख्याच ठेवायच्या, नर-मादी भेद नको. त्याच वाटेने जाऊन २०१० मध्ये आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकाच्या भागीदार देशांनी जोडणीचे सामाईक प्रमाण जाहीर केले. जून २०२५ मध्ये भारतीय अंतराळवीर शुभांशु शुक्ला ज्या ड्रॅगन यानातून तिथे गेले, त्याची जोडणी याच मापाची.

'इस्रो'ने 'स्पेडेक्स'मध्ये कल्पना तीच घेतली, दोन्ही बाजू सारख्या, हे योग्यच झाले. पण आकार ४५० मिलिमीटर आणि मोटारी दोन. माणसांच्या यानांसाठीच्या आंतरराष्ट्रीय यंत्रणेत ८०० मिलिमीटर आणि २४ मोटारी. हे अंतर कापायचे आहे. जोडणीची तारीख दोनदा पुढे गेली, तीन मीटरपर्यंत जाऊन उपग्रह मागे घेतले गेले, तेव्हा काहींनी नाके मुरडली. आम्हाला मात्र तो संयमच सर्वांत शहाणा वाटला.

पुढे चंद्राची माती आणणारे चांद्रयान-४ आहे, २०३५ पर्यंत भारतीय अंतराळ स्थानक आणि २०४० पर्यंत चंद्रावर भारतीय. स्थानकासाठी 'भारत डॉकिंग सिस्टीम' दाखवली गेली आहे. नाव खुशाल भारताचे असो, माप सगळ्यांना चालणारे हवे. संकटात सापडलेल्या भारतीय यानाला शेजारून जाणाऱ्या परक्या यानाने हात देता यावा, आणि उलटही. स्वाभिमानापोटी वेगळे गेज टाकण्याची चूक 'इस्रो'ने करू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे.

आणि नांदेडच्या गुरू गोविंदसिंगजी अभियांत्रिकी संस्थेतल्या, लातूरच्या महाविद्यालयांतल्या मुलामुलींना एक सांगणे: त्या आंतरराष्ट्रीय प्रमाणाचा सगळा आराखडा, मापांसकट, इंटरनेटवर कोणालाही फुकट वाचता येतो. तो उतरवून घ्या आणि वाचा.