न्यूयॉर्क सबवेचे जुने सिग्नल आणि नव्या टोलचा पैसा

न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेज भागातील वेस्ट फोर्थ स्ट्रीट स्थानकातल्या एका खोलीचे चित्रीकरण एमटीए या सबवे चालवणाऱ्या सार्वजनिक संस्थेने २०१५ मध्ये स्वतःच प्रसिद्ध केले होते. १९३० च्या दशकातील खटके, कापडी वेष्टनाच्या तारा आणि रिले यांच्या भरवशावर त्या खोलीतून रोज गाड्यांचे मार्ग ठरत होते. ज्या कारखान्यांनी हे भाग बनवले, त्यांनी ते बनवणे केव्हाच थांबवल्यामुळे दुरुस्ती एमटीएच्याच कार्यशाळेत होत असे. कोणतीही संस्था आपले दारिद्र्य सहसा चव्हाट्यावर मांडत नाही. एमटीएने ते मांडले, कारण निधी मंजूर करणाऱ्यांना ही खोली एरवी दिसलीच नसती.

जुने सिग्नल म्हटले की अपघाताची भीती मनात येते. वस्तुस्थिती बहुतांशी उलट आहे. या पद्धतीत लोहमार्ग सुमारे हजार-हजार फुटांच्या ब्लॉकमध्ये विभागलेला असतो आणि रुळांतून सौम्य विद्युतप्रवाह खेळवलेला असतो. गाडी ब्लॉकमध्ये शिरली की प्रवाह तिच्या चाकांतून वळतो, रिले स्वतःच्या वजनाने खाली पडतो आणि मागचा सिग्नल लाल होतो. तार तुटली किंवा वीज गेली तरी रिले पडतोच. लाल सिग्नल ओलांडणाऱ्या गाडीचा ब्रेक रुळालगतची लोखंडी भुजा आपोआप लावते. यंत्रणा बिघडते तीही सुरक्षिततेच्या बाजूने. बिघाडाची किंमत प्रवाशाला मिनिटांत मोजावी लागते. राजकीय अडचण नेमकी येथेच आहे. कोसळलेला पूल सरकार हलवू शकतो. बोगद्यात बारा मिनिटे थांबलेल्या गाडीसाठी कोणताही राज्यपाल पद सोडत नाही.

अपवाद घडला तो ५ जून १९९५ रोजी. विल्यम्सबर्ग पुलावर जे मार्गाची गाडी लाल सिग्नल ओलांडून पुढे उभ्या असलेल्या एम गाडीवर आदळली. मोटरमनचा मृत्यू झाला, पन्नासहून अधिक प्रवासी जखमी झाले. भुजेने ब्रेक लावला होता, पण थांबायला अंतर पुरले नाही. तेथील सिग्नलमधील अंतरे १९१८ च्या हलक्या, आखूड आणि संथ गाड्यांच्या हिशेबाने आखलेली होती, असे केंद्रीय वाहतूक सुरक्षा मंडळाच्या चौकशीत निष्पन्न झाले. यावर उपाय दोन होते. सिग्नल बदलणे किंवा गाड्या हळू चालवणे. दुसरा स्वस्त होता. गाड्यांची वेग घेण्याची क्षमता मुद्दाम कमी करण्यात आली आणि वेगाला वेसण घालणारे, ठरावीक वेळ गेल्यावरच उघडणारे सिग्नल ठिकठिकाणी बसवले गेले. १९१८ चा हिशेब तसाच ठेवून गाड्यांनाच त्यात बसवण्यात आले.

या तडजोडीचे व्याज २०१७ मध्ये वसूल झाले. विलंब इतके वाढले, की हार्लेममध्ये गाडी रुळावरून घसरल्यानंतर दोनच दिवसांनी, २९ जूनला राज्यपाल अँड्र्यू कुओमो यांनी आणीबाणी जाहीर केली. पुढच्या वर्षी सबवेची सूत्रे घेतलेल्या अँडी बायफर्ड यांच्या चमूला आढळले, की वेळ मोजणारे कित्येक सिग्नल चुकीचे जुळवलेले होते. फलकावर लिहिलेल्या वेगानेही ब्रेक लागेल, या भीतीने मोटरमन त्याहून हळू गाडी चालवत. एक पैचेही नवे यंत्र न घेता केवळ मोजमाप दुरुस्त करून काही वेग परत मिळाला. तोवर हे कोणी का तपासले नाही, हा प्रश्न मात्र कोणत्याही अहवालापेक्षा बोलका आहे.

खरा उपाय म्हणजे गाडीचे स्थान रेडिओद्वारे सतत कळवणारी संगणकीय नियंत्रणपद्धत. एल आणि ७ क्रमांकाच्या मार्गांवर ती आली आणि वेळ पाळण्यात हे दोन मार्ग सातत्याने आघाडीवर राहिले. जॅक्सन हाइट्सला खरेदीसाठी जाणारा मराठी प्रवासी ७ किंवा ई-एफ पकडतो, तेव्हा तो या नव्या पद्धतीच्याच आधाराने जातो. पण ७ च्या कामाला २०१० मध्ये कंत्राट दिल्यापासून आठ वर्षे लागली. कारण मुंबईकराला चटकन समजेल असे आहे. मुंबईची लोकल मध्यरात्रीनंतर काही तास झोपते. न्यूयॉर्कची सबवे चोवीस तास धावते. येथे प्रत्येक काम मेगाब्लॉकमध्येच करावे लागते, आणि शनिवार-रविवार वर्षाला मोजकेच. शिवाय मार्गावरच्या सर्व गाड्यांत नवी उपकरणे बसेपर्यंत जुने सिग्नल काढता येत नाहीत. नवे डबे उशिरा आले, तर तयार यंत्रणाही अर्धी झोपलेली राहते.

उरतो पैसा. ६० व्या रस्त्याच्या दक्षिणेकडे मॅनहॅटनमध्ये शिरणाऱ्या मोटारींवरील टोल हा त्याचा नियोजित स्रोत. त्याच्या बळावर १५ अब्ज डॉलर उभे करायचे होते. जून २०२४ मध्ये राज्यपाल कॅथी होकल यांनी टोल सुरू होण्यास आठवडेच उरले असताना त्याला स्थगिती दिली, तेव्हा एमटीएने लगेच पुढे ढकललेल्या कामांत सिक्स्थ ॲव्हेन्यू आणि ब्रुकलिनमधील फुल्टन मार्गाचे सिग्नल होते. ५ जानेवारी २०२५ पासून १५ ऐवजी ९ डॉलरचा टोल सुरू झाला आणि ही कामे पुन्हा मार्गी लागली. लगेच केंद्र सरकारने टोलची मंजुरी मागे घेण्याचा पवित्रा घेतला व प्रकरण न्यायालयात गेले. १९३० च्या रिलेचे भवितव्य असे मोटारचालकांच्या रोषाशी आणि वॉशिंग्टनच्या मर्जीशी बांधले गेले आहे.

टोलला विरोध करणाऱ्यांचा एक मुद्दा मात्र खोटा नाही: पैसे आज घेतले जातात, फळ काही वर्षांनी मिळणार. म्हणून एमटीएने किती अब्ज खर्च केले, यापेक्षा किती शनिवार-रविवारी रूळ खरोखर मोकळे मिळाले आणि किती गाड्या नव्या उपकरणांसह तयार झाल्या, हे दर तिमाहीला जाहीर करायला हवे. फुल्टन मार्गावरून ए आणि सी गाड्यांनी जाणाऱ्यांपैकी अनेकांकडे मोटार नाही, त्यामुळे टोलचा भारही नाही. त्यांच्या वाट्याला सुधारणेचा पहिला अनुभव येईल तो बंद स्थानकाबाहेर, पर्यायी बसच्या रांगेत.