डोळ्यांत तेल घालून

मंडळी, २९ जून २०२४ ची शनिवारची रात्र तुम्ही विसरला नसाल. तिकडे बार्बाडोसला वीस षटकांच्या विश्वचषकाचा अंतिम सामना रंगला होता. दक्षिण आफ्रिकेला शेवटच्या षटकात १६ धावा हव्या होत्या. सूर्यकुमार यादवने सीमारेषेवर झेल घेतला आणि भारत ७ धावांनी जिंकला. दिवसभर चिखलात राबलेली माणसेही जागीच राहिली.

पण रत्नागिरी जिल्ह्यातल्या काही घरांतले एक माणूस त्या वेळी टीव्हीसमोर नव्हते. ते कोकण रेल्वेच्या रुळावर पावसाळी गस्तीला गेले होते. अंगावर रेनकोट, हातात बॅटरी, जवळ धोक्याचे फटाके. एका बाजूला कापलेला डोंगर आणि पुढे काळोख. त्याला सामना कानाला लावूनही चालत नाही. दरडीआधी कधी बारीक खडे घरंगळतात. ते ऐकायला कान मोकळे लागतात. धोका दिसला, तर तो रुळावर फटाके लावतो. चाकाखाली आवाज झाला की चालक गाडी थांबवतो.

तुम्ही म्हणाल, एका रात्रीने काय बिघडते? २२ जून २००३ ला रात्री वैभववाडीजवळ रुळावर आलेल्या दरडीवर गाडी आदळली आणि पन्नासच्या आसपास माणसे दगावली. विश्वचषकानंतर पंधराच दिवसांनी, १४ जुलै २०२४ ला, खेड तालुक्यात दिवाणखवटीच्या बोगद्याजवळ दरड कोसळली आणि वाहतूक जवळजवळ एक दिवस बंद पडली. दरड सामन्याची वेळ पाहून येत नाही.

आपल्याला हे नवे नाही. बांध फुटेल म्हणून भर पावसात रात्री खाचरावर जाणाऱ्याला एकटेपण म्हणजे काय, ते विचारायला नको.

म्हणून दोन गोष्टी सांगतो. घरचे कोणी अशा रात्रपाळीला असेल, तर धावसंख्या सांगायला घडीघडी फोन करू नका. सकाळी तो भिजून आला की अंघोळीला कढत पाणी द्या, चहा द्या आणि मग सामना पहिल्यापासून सांगा. दुसरे, रुळाच्या वरच्या अंगाला तुमचे शेत असेल आणि जमिनीला नवी भेग दिसली किंवा झऱ्याचे पाणी एकाएकी गढूळ झाले, तर जवळच्या स्टेशनात लगेच कळवा.

रात्री तो डोळ्यांत तेल घालून आपल्यासाठी जागतो. दिवसा आपले डोळे त्याच्या उपयोगी पडू देत.