पायावर उभी, पण एकटी

‘मुंबईला नोकरी लागली’ म्हटलं की आपल्या गावात पेढे वाटले जातात. मुलगी स्वतःच्या पायावर उभी राहिली, याचा आनंद खराच. पण ती रोज किती तास नुसतीच उभी असते, हे आपल्याला कुठं ठाऊक असतं?

मध्यंतरी मी बदलापूरला भाचीकडे गेले होते. एक दिवस तिच्याबरोबर लोकलनं सीएसएमटीला गेले. जायला दीड तास, यायला दीड तास. रोजचे तीन तास धरले तर वर्षातला सव्वा महिना या पोरींचा गाडीतच जातो! तिघींच्या बाकावर चौथी कशीबशी टेकलेली. ‘कुठं उतरणार?’ एवढाच काय तो संवाद. अंगाला अंग लागलेलं, मनानं मात्र जी ती एकटी.

भाची सांगत होती, “मावशी, मागं मला गाडीत भोवळ आली. एकीनं पाणी दिलं, जागा दिली. दोन वर्षं तिला रोज बघतेय, पण नाव ठाऊक नाही.” घरी सांगितलंस का, विचारलं तर म्हणाली, “नको, आई काळजी करत बसते.”

५ मे १९९२ रोजी चर्चगेट-बोरिवली मार्गावर पहिली खास महिलांची लोकल सुरू झाली. बायकांच्या डब्यात भाजी निवडली जायची, हळदीकुंकू व्हायचं, सुखदुःख बोललं जायचं. दसऱ्याला डब्यात तोरणं अजूनही लागतात. पण एरवी बहुतेकींच्या कानात इअरफोन. त्यांना तरी दोष कसा द्यायचा? पहाटे पाचला उठून डबा करून निघालेल्या बाईचा तेवढाच काय तो हक्काचा वेळ!

मग आपण काय करायचं? रात्री फोनवर आपण ‘जेवलीस का?’ विचारतो. त्याबरोबर ‘आज कुणाशी बोललीस?’ हेही विचारूया. आणि ती सांगेल ते न रागावता, न घाबरता ऐकूया; म्हणजे भोवळ आल्याचं तिला लपवावं लागणार नाही.

आपल्याकडे एसटीत शेजारी बसलेल्या बाईचं माहेर कोणतं, हे तालुका यायच्या आत कळतं. मैत्रिणींनो, लेकीच्या पिशवीत चटणी-लोणचं भरताना ही सवयही बरोबर द्या. शेजारणीला नाव विचारायला तिकीट लागत नाही!